तिसरी हाक

"ध्वनीला मरण नाही. माणूस जातो, त्याची राख होते, राखेची माती होते. पण त्याच्या तोंडून एकदा निघालेला शब्द या अफाट विश्वात युगानुयुगं फिरत राहतो," असं भगवंतराव मास्तरांनी पंजाबरावांच्या ओसरीवर छातीला हात लावून जाहीर केलं, तेव्हा दारात शेंगा फोडत बसलेल्या केसरबाईनं त्यांच्या चेहऱ्याकडे बघून विचारलं, "कोन मेलं?"

पंजाबरावांनी हात हलवून कोणी मेलं नसल्याचं सांगितलं.

"मंग मास्तर काऊन रडून राह्यले?"

मास्तर रडत नव्हते. आयुष्यभर विज्ञान शिकवून त्यांचा चेहराच तसा झाला होता. आणि केसरबाई, म्हणजे पंजाबरावांची आई, ठार बहिरी होती. तिचे कान जाऊन इतकी वर्षं झाली होती की गावातल्या दोन पिढ्या तिच्याशी फक्त हातवारे करत आल्या होत्या. उभ्या अमडापुरात तिला एकाच माणसाचं बोलणं ऐकू यायचं, आणि तो माणूस वारल्यापासून तिनं ऐकण्याचा नाद सोडला होता. तो माणूस म्हणजे निवृत्ती. त्या दुपारी ओसरीच्या खांबाला टेकून पंजाबरावांच्या घरची तूर पाखडत बसलेली मनकर्णाबाई ही त्याची बायको.

मास्तरांना ध्वनीचा असा उमाळा यायला कारण घडलं ते टीव्हीचं. पंजाबरावांनी टीव्ही आणून वर्ष होत आलं होतं, पण त्यांच्या मनात एक गोष्ट पक्की बसली होती: आवाज पेटीत मोजकाच भरलेला असतो. कंदिलात घासलेट असतं तसा. जितका वाढवाल तितका लवकर सरेल. म्हणून ते आवाजाच्या बटणाचा कान जेमतेम पिळत, आणि मग ओसरीवर बसलेलं अर्धं गाव बातम्या ओठांवरून वाचत असे. त्या दिवशी मास्तर त्यांना विज्ञान समजावून सांगत होते. पंजाबरावांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "मास्तर, मंग मेल्यावर तुमचा आवाज फिरन तो कुठी फिरन, तेवढं सांगा. त्या बाजूची खिडकी लावून घेतो."

मास्तरांनी विज्ञान सोडलं आणि वर्तमानपत्र उघडलं. ते कालचं होतं. अमडापुरात आजचं वर्तमानपत्र उद्या येई आणि कोणाचं काही अडत नसे. त्यात त्यांनी आधी शुक्रवारचे कार्यक्रम पाहिले.

शुक्रवारचं महत्त्व असं. देशातली सभ्य माणसं झोपली की उरलेल्यांसाठी दूरदर्शनवाले रात्री उशिरा एक सिनेमा दाखवत. कधी तो फार मोठ्या माणसाचा असे आणि त्यात एक बाई खिडकीतून तासभर बाहेर बघत बसे. आणि कधी, बहुधा अंधारात भलताच डबा हाती लागल्यामुळे, भुताचा लागे. अमडापूरला भुताचा आवडे. त्यातही जितका गरिबीत काढलेला तितका जास्त. वटवाघूळ उडालं आणि त्याची दोरी दिसली, की ओसरीवर टाळी पडे. सांगाड्याच्या गुडघ्याला बांधलेली तार सगळ्यात आधी कोण ओळखतं याची चढाओढ लागे. मोठ्या सिनेमात चूक शोधावी लागते. इथं चुकांमधून सिनेमा शोधावा लागे, आणि त्यात गावाला स्वतः काहीतरी केल्याचं समाधान मिळे.

"बेचैन बावडी," मास्तरांनी वाचलं.

मनकर्णाबाईच्या हातातलं सूप थांबलं. वरच्या कौलांवर अँटेना फिरवत असलेल्या अब्दुल गनीच्या हातातली पक्कड घरंगळत अंगणात पडली.

*

निवृत्ती चिखलीच्या बाजारात हर्रास बोलायचा. कापसाच्या गाड्या लागल्या, ज्वारीचे ढीग पडले, की मधे उभा राहून तो भाव पुकारी: एऽक बार! दोऽन बार! आणि सगळ्यांचा श्वास अडकला की मग तीऽन बार! तिसरी बोली झाली की सौदा पक्का. तिसरी झाली नाही तोवर माल कोणाचाच नाही. आवाज असा की अमडापूरची एस.टी. थांबवायला बाकीचे लोक रस्त्यावर उभे राहून हात करत. निवृत्ती घरात पायतण घालता घालता ओरडे, आणि एस.टी. थांबे.

एवढ्या आवाजाच्या माणसानं जन्मात बायकोचं नाव घेतलं नाही. त्यात नवल काही नव्हतं, गावात कोणीच घेत नसे. पण निदान लग्नात तरी घ्यावं लागतं. तिथं बाया दार अडवून उभ्या राहिल्या तेव्हा पाचशे माणसांत बोली फोडणाऱ्या निवृत्तीचा घसा कोरडा पडला. तो म्हणाला, "हिचं नाव..." एवढ्यावर बाया हसल्या आणि त्याला सोडून दिलं. पुढं सगळा संसार "ऐकून राह्यली का वं" यावर झाला. आणि ती ऐकून राह्यली होती.

मग दुष्काळाचं साल आलं. गावाबाहेरची जुनी बारव, म्हणजे पायऱ्यांची मोठी विहीर, पार तळापर्यंत कोरडी पडली. ते ऐकून मुंबईची एक सिनेमा कंपनी आली. त्यांना भूत उभं करायला कोरडी बारव पाहिजे होती, आणि ती त्या वर्षी फुकट होती. भूत त्यांनी मुंबईहून आणलं होतं, पण आमच्याकडचं पाणी पिऊन ते दुसऱ्याच दिवशी झोपलं. डायरेक्टर बाजारात आला, त्यानं निवृत्तीची हर्रास ऐकली आणि म्हणाला, हेच आमचं भूत.

मनकर्णाबाई तेव्हा दुष्काळी कामावर खडी फोडत होती. शूटिंग तिनं पाहिलं नाही. पहाटे दार वाजलं, तिनं उघडलं, तर समोर अंगभर राख, पोत्याचा झगा आणि डोक्यावर घोड्याच्या शेपटीचे केस. तिनं आधी खराटा हाणला आणि मग नवरा ओळखला.

"काय केलं मंग?" अंगाला तेल लावून राख काढताना तिनं विचारलं.

"काई नाई. एका बाईले हाक मारली."

"कोन्या बाईले?"

"असते एक. सिनेमातली."

"नाव काय?"

निवृत्तीनं तोंडाला पाणी लावलं आणि ते काही सांगितलं नाही. मनकर्णाबाईनं त्या बाईला कंपनीच्या जीपमध्ये पाहिलं होतं: पातळ साडी, उघडे दंड आणि दुष्काळात सुद्धा ओठ लाल. पुढचे आठ दिवस निवृत्तीच्या भाकरीला मीठ नव्हतं. पण खरं दुखणं भाकरीच्या पलीकडचं होतं. इतक्या वर्षांत मले हाक नाई मारली, तिले मारली. तेही भूत होऊन. ते दुखणं तिनं कोणाला सांगितलं नाही. सांगण्यासारखं ते नव्हतंच.

सिनेमा चिखलीच्या टॉकीजला लागला तेव्हा दोघं मुद्दाम गेले. पण आदल्या दिवशी तीनच माणसं आली म्हणून मालकानं तो काढला होता आणि एका संताचा लावला होता. निवृत्तीला वाटलं, आपला मधेच कुठं तरी असेल. तो शेवटपर्यंत बसला. संत आले, देव आले, विमान आलं, भूत काही आलं नाही.

आणि मग काही वर्षांनी त्याचा घसाच गेला. आत काही तरी वाढलं, आणि शेवटचं वरीस तो एक शब्द बोलला नाही. पाणी पाहिजे असलं की टाळी वाजवी. बायको हवी असली की दोन टाळ्या. दोन टाळ्यांवर ती सैपाकघरातून, अंगणातून, एकदा तर शेजारच्या बारशातून धावत आली होती. एके दिवशी टाळ्या थांबल्या.

चेहरा तिला आठवे. खांद्यावरचा चट्टा आठवे, झोपेत पाय घासायची खोड आठवे. आवाज मात्र गेला. आधी तिला वाटलं आहे, आतल्या बाजूला ठेवलेला आहे, पाहिजे तेव्हा निघेल. एके दिवशी काढायला गेली तर तिथं दोन टाळ्याच होत्या. चिखलीला नवा बोलीवाला उभा राहतो म्हणून ती एकदा बाजारात जाऊनही आली. तो चांगला ओरडत होता. ती मटकी घेऊन परत आली.

*

"मास्तर," सूप खाली ठेवून मनकर्णाबाई म्हणाली, "ह्यांचा आवाज असन ना त्यात?"

मास्तरांनी चष्मा काढला. खरं बोलायचं असलं की ते चष्मा काढत. समोरच्याचं तोंड दिसत नसे. "मनकर्णाबाई, तसं नसतं. सिनेमात आधी नुसती चित्रं घेतात. आवाज मागाहून मुंबईला, बंद खोलीत, दुसऱ्याच कोणाच्या तोंडून भरतात. निवृत्तीचं पोतं असेल, राख असेल. आवाज नसणार."

"आत्ताच तं म्हणले, मरत नाई म्हून."

"मरत नाही. विश्वात आहे तो. त्या सिनेमात नाही."

"विश्वात कुठीसा?"

मास्तरांनी चष्मा परत घातला. कौलावरून गनी शिडीनं खाली उतरला, त्यानं पक्कड उचलली, ती उगीच पुसली. गनीचं बसस्टँडजवळ रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं. दुष्काळात त्याच्याकडे गॅसबत्त्या भाड्यानं मिळायच्या आणि शूटिंगला उजेड त्याचाच होता. तो काही बोलेल असं मनकर्णाबाईला वाटलं.

"शुक्रवारी या, भाबी," गनी म्हणाला. "पाहू."

एवढंच बोलून तो सायकलवर बसला आणि घंटी वाजवत गेला. रस्त्यात कोणी नव्हतं.

*

शुक्रवारी मनकर्णाबाईनं डोक्याला तेल लावलं. हिरवं लुगडं काढलं. विधवेनं हिरवं नेसावं का, असा एक प्रश्न तिच्या मनात आला. पण रात्री तो सिनेमा काळापांढरा दिसतो आणि लुगडंही काळंच दिसणार, असं म्हणून तिनं नेसलं. पदराला फुटाणे बांधले. निवृत्तीला फुटाणे आवडत. ते त्याला द्यायचे कसे याचा विचार तिनं केला नव्हता. रिकाम्या हातानं जायचं नाही एवढंच ठरवलं होतं.

ओसरी भरली होती. आपल्या गावचं भूत दिल्लीहून दाखवणार म्हणून लोक घोंगड्या घेऊन आले होते. केसरबाईनं तिला आपल्या शेजारी जागा दिली आणि मोठ्यानं म्हणाली, "लगीन हाय का कोनाचं?"

पाटी आली: बेचैन बावडी. टाळी पडली. पहिल्याच मिनिटाला वटवाघूळ उडालं, दोरी दिसली, दुसरी टाळी पडली. मग आमच्याच गावाबाहेरचा माळ दिसला, आणि त्या माळावरून कोट आणि काळा चष्मा घातलेला हीरो चालत आला. उन्हात त्याच्या मिशीचा एक कोपरा सुटला होता. त्यानं पातळ साडीतल्या त्या बाईचा हात धरला, आणि पंजाबरावांनी दिलेल्या एवढ्याशा आवाजात म्हणाला:

"मनकर्णा, तुम कितनी हसीन हो."

मग सगळ्या माना पडद्याकडून वळून मनकर्णाबाईकडे आल्या.

"मावशी," पंजाबराव म्हणाले, "थो तुमचं नाव घेऊन राह्यला."

"मी काय करू त्याले?" ती पदर ओढून म्हणाली.

हीरो थांबायला तयार नव्हता. मनकर्णा, तुम्हारी आंखें. मनकर्णा, तुम्हारी जुल्फें. बागेत मनकर्णा, मोटारीत मनकर्णा. हीरोईनच्या बापानं तर "बेटी मनकर्णा" म्हणून छाती धरली आणि तो मेला. ज्या गावात तिचं नाव जन्मात कोणी मोठ्यानं घेतलं नव्हतं, त्या गावात ते आता मिनिटा-मिनिटाला पडत होतं. मागून कोणीतरी हळूच म्हणालं, "हसीन मावशी, जरा सरका, दिसून नाई राह्यलं." ओसरी फुटली. मनकर्णाबाईला रडावं की उठून जावं कळेना. मुंबईच्या बाईचं नाव मनकर्णा कसं असेल? तिकडं कोणी ठेवतं का असं नाव?

तेवढ्यात चित्र थरथरलं, तुटलं, आणि पडद्यावर पाटी लागली: रुकावट के लिए खेद है. सगळे पाटी बघत बसले. अमडापूर पाटीसुद्धा लक्ष देऊन बघे. ती संधी साधून गनी माणसांतून वाट काढत आला आणि तिच्यासमोर उकिडवा बसला.

"भाबी, मी कसम खाल्ली व्हती निवृत्तीभाऊले. पण आता थो हीरोच चुगली करून राह्यला, तं मी चूप बसून काय फायदा?"

"बोला ना मंग."

"त्या बाईचं नाव मधुलिका व्हतं. हे भूत बारवेच्या तळाशी उभं, अन् त्यानं मधुलिका म्हून हाक माराची. निवृत्तीभाऊच्या जिभेवर बसेच ना थे. एकदा मदलिका म्हणे, एकदा मुदलीका. डायरेक्टरनं केस उपटले स्वतःचे. फिलम सरत आली, माह्या बत्त्या भकभक कराले लागल्या. मंग थो म्हणे, अरे बाबा, नाव सोड. तेरी अपनी औरत समझ, तिले रोज हाक मारतं तशी मार."

"रोज तं मारतच नव्हते," मनकर्णाबाई म्हणाली.

"हाव ना. म्हून थो उभाच राह्यला गपचूप. मले वाटलं, गेलं काम. अन् मंग..." गनीनं कानाला हात लावला. "या अल्ला. बारवेतले पारवे उडाले, भाबी. तुमचं नाव. तीन डाव. बाजाराची सवय, तीन बिगर सौदा पक्का कसा करन? कंपनीची मानसं उभीच्या उभी. डायरेक्टर म्हणे, बस. लडकी का नाम बदल दो. बाकीचं मुंबईले भरू, पण हे हाक अशीच राहू द्या. असा घुमारा खोलीत येत नाई."

मास्तरांनी चष्मा काढला.

"अन् वर आल्यावर माह्ये पाय धरले त्यानं," गनी म्हणाला. "म्हणे, गनी, कोनाले सांगू नको. चारचौघात बायकोचं नाव घेतलं म्हून गाव हसन. तिलेही सांगू नको. तिले तं बिल्कुल नको."

पंधरा वर्षं. पंधरा वर्षं ती त्या लाल ओठांच्या बाईचा राग करत आली होती. आठ दिवसांच्या अळणी भाकरी तिला एकदम आठवल्या. तो त्या मुकाट्यानं खात होता, आणि मधून मधून, आता तिला कळलं, हसत होता.

पाटी गेली. अंधार आला, आणि अंधारात बारव दिसली.

तीच बारव. तीच फुटकी तिसरी पायरी. हीरोईन कंदील घेऊन एकेक पायरी उतरत होती आणि सगळ्या ओसरीला माहीत होतं की उतरू नये. तळाशी काही तरी हललं. पोतं. घोड्याचे केस. तोंड दिसत नव्हतं. भुतानं एक पाय उचलून दुसऱ्याला घासला.

"आई वं," मनकर्णाबाई म्हणाली.

भुतानं तोंड उघडलं. पण ओसरीवर पायाची तार आहे की नाही यावर वाद चालू होता, आणि पेटीतून आली ती नुसती हवेची लकेर. हाक मारून झाली. ती तिला ऐकू आली नाही.

"आवाज वाढवा ना, बाप्पा!" ती ओरडली. ती अशी ओरडू शकते हे गावाला ठाऊक नव्हतं.

"मावशी, सरन थो..."

"सरू द्या!"

पंजाबरावांनी आयुष्यात पहिल्यांदा कान पुरता पिळला. आणि बारवेच्या तळातून, दुष्काळातून, राखेतून, त्या एवढ्याशा पेटीत मावणार नाही असा तो आला:

"मनकर्णाऽऽऽ!"

कौलांवरची धूळ पडली. आणि मनकर्णाबाई, फुटाण्याची गाठ धरून, दोन टाळ्यांवर उठायची तशी ताडकन उठली आणि म्हणाली, "हाव! आली ना!"

"ओ देऊ नका!" सगळी ओसरी एकदम किंचाळली. कारण आमच्याकडे लहान पोरालाही माहीत असतं: रात्री हाक आली तर दोन हाकांना ओ द्यायची नाही. भूत दोनच हाका मारतं. तिसरी मारली तर समजावं, जिता माणूस आहे. मग खुशाल दार उघडावं.

पण केसरबाईनं शेंगांची परडी बाजूला सारली, तोंडावर हसू आणलं, आणि अंगणाकडे पाहून म्हणाली, "निवृत्ती आला का वं? किती दिसानं आवाज आला त्याचा."

मास्तर काही म्हणणार, तेवढ्यात लाईट गेली.

*

लाईट आली तेव्हा सिनेमा संपला होता, दिल्लीवाले झोपले होते, आणि पडद्यावर नुसत्या मुंग्या धावत होत्या. पेटीतून सूंऽऽ असा आवाज येत होता, कारण पंजाबराव कान खाली करायला विसरले होते. लोक घोंगड्या झटकत घरी गेले. जाताना कोणी मनकर्णाबाईला हसीन म्हटलं नाही. मास्तर पायरीवर थांबून म्हणाले, "होता हो आवाज. माझं चुकलं," आणि काठी टेकत गेले.

मनकर्णाबाई पेटीच्या समोर बसली होती, अगदी जवळ. केसरबाई भिंतीला टेकून झोपली होती. गनी टॉर्च घेऊन दारात उभा होता.

"चाला, भाबी. सोडून देतो घरी. ऐकलं ना? तुम्हालेच मारली व्हती."

"ऐकली ना."

"मंग?"

"दोनच झाल्या," ती म्हणाली.

गनीनं टॉर्च विझवला, लावला, परत विझवला. "भाबी, थे तिसरी लाईटीत गेली. आता दिल्लीवाल्यानं पेटी बंद केली. कधी लावन थो परत, लावन का नाई, अल्ला जाने."

"तुम्हीच म्हणले ना, तीन मारल्या म्हून. थे तीन बिगर सोडत नव्हते. सौदा पक्का होत नाई त्याबिगर." तिनं पदराची गाठ सोडली आणि फुटाणे पेटीवर अंथरलेल्या फुलांच्या रुमालावर नीट ढीग करून ठेवले. मुंग्या धावत होत्या. मधूनच त्यांतून काळी रेघ वर सरके, बारवेच्या पायरीसारखी, आणि मिटून जाई. "निंघाली असन बाप्पा, रस्त्यात असन. मास्तर म्हणत नाई का, मरत नाई म्हून? दिल्लीहून याले वेळ लागन."

पंजाबराव जांभई देत आले. त्या एका रात्रीत त्यांचा जितका आवाज खर्च झाला होता तितका वर्षात झाला नव्हता, आणि त्यांनी बटणाकडे हात नेला. मनकर्णाबाईनं त्यांच्याकडे मान वळवली नाही. कान पेटीला लावून, एका बोटानं त्यांना थांबवून, ती हळूच म्हणाली:

"पंजाबराव, आणखी जरासाक वाढवता का?"